रामसे बंधूंचे दोनच चित्रपट दाखवायचे तर कोणते?

रीळवाला:
हिंदी भयपट काढणाऱ्या श्याम आणि तुलसी रामसे यांना आपण दिग्दर्शक म्हणून मोजतच नाही, आणि हा मला अन्याय वाटतो. नाव निघालं की लोक रबरी मुखवटा, लाल दिवा आणि करकरणारं दार आठवून हसतात आणि विषय बदलतात. मी सध्या त्यांचे चित्रपट क्रमाने पुन्हा बघतोय आणि जितकं बघतोय तितका त्यांच्याविषयीचा आदर वाढतोय.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी थोडी पार्श्वभूमी. वडील फतेहचंद रामसिंघानी. कराचीत त्यांचं रेडिओचं दुकान होतं. इंग्रज गिऱ्हाइकांना आडनाव उच्चारता येईना, म्हणून रामसिंघानीचं रामसे झालं. फाळणीनंतर कुटुंब मुंबईला आलं आणि लॅमिंग्टन रोडवर पुन्हा दुकान थाटलं. वडिलांना सिनेमाची ओढ. १९६३ चा 'रुस्तम सोहराब' त्यांच्या निर्मितीतलाच. मग १९७० साली 'एक नन्ही मुन्नी लडकी थी' आला आणि सपशेल पडला. पण त्यात पृथ्वीराज कपूर भयानक मुखवटा चढवून चोरी करायला येतात असा एक प्रसंग होता. तुलसी आणि श्याम थिएटरात बसून प्रेक्षकांकडे बघत होते. बाकी चित्रपटात चुळबुळ, आणि त्या प्रसंगाला अख्खं थिएटर जागं. दोघांनी वडिलांना सांगितलं, आपण सगळा चित्रपटच असा करू.

१९७२ चा 'दो गज जमीन के नीचे' त्यातून जन्मला. सात भाऊ, सात कामं: कुमार लेखन, गंगू आणि केशू कॅमेरा, किरण ध्वनी, अर्जुन संकलन, तुलसी आणि श्याम दिग्दर्शन. सगळं कुटुंब महाबळेश्वरला सरकारी विश्रामगृहात जाऊन राहिलं. साधारण चाळीस दिवस आणि साडेतीन लाखांत चित्रपट पुरा. घरातल्या बायका युनिटचा स्वयंपाक सांभाळत. त्याआधी वडिलांनी मुलांना श्रीनगरला हाउसबोटीवर नेऊन छायाचित्रणाचं एक इंग्रजी पाठ्यपुस्तक समोर ठेवून कित्येक आठवडे शिकवणी घेतली होती, हेही विसरू नये. म्हणजे हे काम अडाणीपणाने झालेलं नाही.

आता प्रश्न. आमच्या वाचनालयाचं छोटं चित्रपट मंडळ आहे. एका दिग्दर्शकाचे दोन चित्रपट, मध्ये चहा, नंतर चर्चा. रामसेंची संध्याकाळ ठरवायची आहे. प्रेक्षक बहुतेक पन्नाशीच्या पुढचे, काही कॉलेजची मुलं. कोणते दोन?

अमावस्या:
वीराना. दुसरा कोणताही चालेल.

तंबूटॉकीज:
रीळवाला, धागा काढल्याबद्दल मनापासून आभार. आमच्याकडे सातारा भागात जत्रेला तंबू लागायचे. कुस्त्या संपल्या की लोक घोंगडी घेऊन तंबूत. 'पुराना मंदिर' १९८४ चा, पण आमच्या जत्रेत तो पुढे कित्येक वर्षं येत राहिला. प्रिंट इतकी घासलेली की पडद्यावर पाऊस पडतोय असं वाटायचं, आणि त्या पावसाने त्यातला राक्षस सामरी जास्तच भेसूर दिसायचा.

मला आठवतं ते प्रेक्षकांचं वागणं. बायका पदर तोंडात धरून बसायच्या, पण उठून कुणी जायचं नाही. पेटी उघडायचा प्रसंग आला की मागून कुणीतरी ओरडणार, "अरं नगं उघडू!" आणि सगळा तंबू हसणार. ते हसणं आणि घाबरणं एकाच वेळी चालायचं. आज लोक फक्त हसणं लक्षात ठेवतात. रात्री परतताना ओढ्याजवळ सगळे एकमेकांना चिकटून चालत, ते कुणी सांगत नाही.

माझं मत पुराना मंदिर. ते नसेल तर संध्याकाळ करूच नका.

साशंक:
विषय चांगला आहे, पण मला विरोध नोंदवायचा आहे. मी अंधश्रद्धा निर्मूलनाच्या कामात बरीच वर्षं आहे. भानामती, करणी, डाकीण ठरवून एखाद्या बाईला गावाबाहेर काढणं, हे आमच्यासाठी रोजचं काम आहे. डॉ. दाभोलकरांची २० ऑगस्ट २०१३ ला पुण्यात हत्या झाली, त्यानंतर जादूटोणाविरोधी वटहुकूम निघाला आणि त्याच वर्षी कायदा झाला. त्याआधी तो कित्येक वर्षं अडकून होता. अशा राज्यात बसून "भूत खरं आहे असं धरून" केलेल्या चित्रपटांचं कौतुक करताना आपण थोडं थांबायला हवं. तंबूतल्या त्या बायकांपैकी किती जणी दुसऱ्या दिवशी भगताकडे गेल्या असतील?

बंदी घाला असं मी म्हणत नाही. पण चर्चा ठेवणार असाल तर हा मुद्दा त्यात असावा.

घाटवाट:
साशंक, तुमच्या कामाबद्दल आदर आहेच. पण रामसेंच्या चित्रपटांत मांत्रिक कोण असतो ते बघा. सामरी हा स्वतःच अघोरी विद्या करणारा. वीरानामध्ये राजेश विवेक यांनी केलेला बाबा हाच पोरीला चेटकिणीच्या हवाली करतो. म्हणजे मुलं पळवणारा, बळी देणारा, मंत्र पुटपुटणारा माणूस हा तिथे कायम खलनायक. उलट रामगोपाल वर्माचा 'फूंक' (२००८) घ्या. नायक देव न मानणारा अभियंता, मुलीला काहीतरी होतं, डॉक्टर हरतात, आणि शेवटी मांत्रिकाकडे गेल्यावरच सुटका. मला तो रामसेंपेक्षा कितीतरी जास्त खटकला.

अवांतर: वीरानाविषयी एक किस्सा सांगितला जातो. श्याम रामसे रात्री महाबळेश्वरहून एकटे गाडीने परतत होते, वाटेत एका बाईने लिफ्ट मागितली, आणि नंतर त्यांच्या लक्षात आलं की तिचे पाय उलटे आहेत. त्यातून वीराना सुचला म्हणे. मी त्या वाटेवरच्या घाटाच्या पायथ्याचा आहे. आमच्याकडे पसरणी घाटाच्या प्रत्येक वळणाची एक अशी गोष्ट आहे, आणि पाय उलटेच असतात. त्यामुळे मला त्या किश्श्यात श्याम रामसे इथल्या लोकांशी किती बोलले असतील ते दिसतं.

अमावस्या:
घाटवाट दादा, रात्री दीडला हे वाचायला नको होतं. उद्या पाचगणीला जायचंय.

साशंक:
घाटवाट, मांत्रिक खलनायक असतो हा मुद्दा मान्य, आणि तो मी चर्चेत वापरीन. पण त्याला हरवतो कोण? त्रिशूळ आणि ओम. एका दैवी शक्तीला दुसरी दैवी शक्ती पुरून उरते, विवेक कुठेच नाही. आणि त्या उलट्या पायांच्या किश्श्यासारख्या गोष्टी 'खरी घटना' म्हणून जाहिरातीत वापरल्या जातात, तिथे माझी अडचण सुरू होते.

मुरुडची_लेक:
माझं माहेर मुरूड. नवाबाचा राजवाडा टेकाडावर समुद्राकडे तोंड करून उभा आहे. अलिबागकडून येताना लांबूनच दिसतो. रामसेंचं चित्रीकरण तिथे झालं. खाजगी मालमत्ता असल्याने आम्हाला आत कधी जाता आलं नाही, पण युनिट आलं की गावात बातमी फिरायची. मोठी माणसं सांगायची, भूत झालेला उंच माणूस संध्याकाळी चहा पीत कट्ट्यावर बसलेला असायचा आणि पोरं त्याच्याभोवती गोळा व्हायची.

मी हे का सांगतेय? कारण पडद्यावर तो राजवाडा बघताना मला भीतीपेक्षा वेगळं काहीतरी होतं. खिडक्यांची नक्षी, जिने, बाहेरचा दमट वारा, हे सगळं खरं आहे. सेट लावून ती ओल येत नाही. कोकणातल्या कुठल्याही मोठ्या रिकाम्या घराला ती असते. रामसेंनी पैसे वाचवायला म्हणून खऱ्या जागा घेतल्या असतील, पण त्यामुळे एका काळातले वाडे, डाकबंगले, विश्रामगृहं फिल्मवर राहिली. त्यातल्या कितीतरी जागा आज रंगरंगोटी होऊन ओळखू येत नाहीत.

रीळवाला:
मुरुडच्या ताई, हे फार मोलाचं लिहिलंत. खऱ्या जागेचा मुद्दा मला सुरुवातीलाच मांडायचा होता, तो तुम्ही माझ्यापेक्षा नीट मांडलात. त्यांच्या चित्रपटांची नुसती नावं बघा: दरवाजा, गेस्ट हाउस, हॉटेल, तहखाना, डाक बंगला, पुरानी हवेली. सगळ्या वास्तू. मला वाटतं त्यांच्याकडे भूत हे नेहमी एखाद्या घरात केलेल्या पापाचं असतं. पुराना मंदिरमध्ये राजा सामरीचं शिर उडवतो, पेटीत बंद करतो, आणि शाप मिळतो की या घराण्यातली प्रत्येक स्त्री बाळंतपणात मरेल. दोनशे वर्षांनी ठाकूर रणवीरसिंहला, म्हणजे प्रदीप कुमारला, ते मुलीपासून लपवावं लागतं. वाडवडिलांनी झाकून ठेवलेली गोष्ट पुढच्या पिढीच्या पोरीला भोगावी लागते. ही फालतू कल्पना आहे का?

स्वयंसिद्धा:
फालतू नाही, पण अर्धीच सांगितलीत. शाप घराण्याला, आणि मरतात फक्त बायका. मान्य, इथपर्यंत ती सरंजामी घराण्यांवरची टीका म्हणून वाचता येते. पण मग त्याच चित्रपटात कॅमेरा न्हाणीघरात का जातो? रामसेंच्या जवळजवळ प्रत्येक चित्रपटात आंघोळीचं दृश्य आहे आणि त्याचं कारण तिकीटबारी हे आहे. वीरानामध्ये तर स्त्रीचं आकर्षक असणं हेच मुळात धोका म्हणून दाखवलंय. सुंदर जास्मिन झपाटलेली, तिच्या आतली चेटकीण म्हातारी आणि विद्रूप. म्हातारी बाई म्हणजे भयंकर, हे समीकरण आपल्या गावागावांत आधीच आहे, आणि साशंक ज्या बायकांना सोडवायला जातात त्या बहुतेक याच वयाच्या असतात.

मला हे चित्रपट बघायला आवडतात. हायस्कूलमध्ये असताना मैत्रिणीच्या घरी व्हीसीआरवर चोरून बघितलेत. पण कॉलेजच्या मुलामुलींसमोर दाखवणार असाल तर हे बोलायला कुणीतरी हवं, आणि ती व्यक्ती शक्यतो बाई असावी.

ध्वनिमुद्रा:
मी ध्वनीच्या क्षेत्रात काम करतो, त्यामुळे थोडं तांत्रिक लिहितो.

तेव्हाचे बहुतेक हिंदी चित्रपट जागेवर ध्वनी घेत नसत. संवाद नंतर डबिंगमध्ये, पावलं, दारं, कापडाची सळसळ हे फोलीमध्ये, म्हणजे स्टुडिओत मुद्दाम आवाज करून. म्हणजे पुराना मंदिरमधली शांतता ही मुद्दाम रचलेली शांतता आहे. वारा कुठे थांबवायचा, कुत्रं कधी ओरडवायचं, पावलं आधी ऐकवायची की आधी सावली दाखवायची, हे कुणीतरी टेबलावर बसून ठरवलंय. भाऊच ध्वनी बघतोय, भाऊच संकलन करतोय, त्यामुळे दिग्दर्शकाच्या डोक्यातली गोष्ट टेबलापर्यंत पोचायला वेळ लागत नसे. मोठ्या निर्मितिसंस्थांत हे सुख नसतं.

धुराचं सांगतो. जमिनीलगत वाहणारं धुकं कोरड्या बर्फाचं असतं. तो म्हणजे गोठवलेला कार्बन डायऑक्साइड, उणे ७८ अंशांचा. गरम पाण्यात टाकला की दाट पांढरा लोट निघतो आणि हवेपेक्षा जड असल्याने गुडघ्याच्या वर चढत नाही. अंगभर धुकं हवं असेल तर धूर वेगळा करावा लागतो, आणि वारा आला की सगळं पुन्हा. महाबळेश्वरला मात्र पावसाळ्यानंतर खरं धुकं फुकट मिळतं. त्या धुक्यात मागून दिवा मारला की झाडाच्या फांद्यांतून किरण येतात. गंगू रामसेंनी हे इतकं सुंदर वापरलंय की त्यांना हसणाऱ्यांनी एकदा आवाज बंद करून फक्त चित्र बघावं. दिव्यांवर निळा, हिरवा, लाल जिलेटिनचा कागद एकाच चौकटीत वापरायला धाडस लागतं. गंगू २०२४ मध्ये गेले, तेव्हा बातमी छोटीशी आली होती.

वांद्रेपूर्व:
ध्वनिमुद्रा, आवाज बंद करून बघायचा सल्ला ध्वनीवाल्याने द्यावा म्हणजे कमाल आहे! पण करून बघतो.

तंबूटॉकीज:
तो "चहा पीत कट्ट्यावर बसणारा उंच माणूस" म्हणजे अनिरुद्ध अग्रवाल. रुरकीला स्थापत्य अभियांत्रिकी शिकलेला माणूस. पुराना मंदिरच्या नामावलीत अजय अग्रवाल असं नाव आहे. बंद दरवाजामध्ये (१९९०) नेवला हा राक्षस तोच. बँडिट क्वीनमधला बाबू गुज्जरही तोच, हे कळल्यावर मी उडालोच होतो. मुखवटा फार कमी, बराचसा चेहराच त्याचा स्वतःचा. डोळे नुसते रोखले की तंबू गप्प.

आणि हो, पुराना मंदिरमध्ये सदाशिव अमरापूरकर आणि ललिता पवार आहेत. वाचनालयातल्या जुन्या मंडळींना बसवून ठेवायला तेवढं पुरे.

कॉलेजकट्टा:
मी विशीतली आहे, त्यामुळे वेगळ्या बाजूने लिहिते. आमच्या पिढीने आधी तुंबाड हा भयपट बघितला. २०२४ ला पुन्हा प्रदर्शित झाला तेव्हा तर थिएटरात जागा मिळत नव्हती. मग मागे जात रामसेंपर्यंत आलो. तुंबाडनंतर पुराना मंदिर बघताना पहिला अर्धा तास अवघड जातो. मध्येच शोलेची नक्कल येते, जगदीपचा मच्छर सिंग येतो, आणि भीती कुठे गेली तेच कळत नाही. तो भाग आमच्या वयाच्या मुलांना झेपणार नाही.

पण एक गोष्ट सारखी वाटली. दोन्हीकडे वाडा आहे, दोन्हीकडे घराण्याचं गुपित आहे आणि दोन्हीकडे हाव किंवा सत्ता याची शिक्षा पुढच्यांना मिळते. दिग्दर्शक राही अनिल बर्वेंनी तुंबाडचं मूळ भयकथालेखक नारायण धारपांच्या गोष्टीत असल्याचं सांगितलंय. म्हणजे धारप वाचणारा मराठी वाचक आणि रामसे बघणारा प्रेक्षक हे कदाचित एकाच घरात होते.

घाटवाट:
एकाच घरात नाही, एकाच माणसात! मी धारप वाचनालयातून आणायचो आणि रामसे व्हिडिओ पार्लरमध्ये बघायचो. धारपांचा समर्थ विचारी माणूस, सगळं समजावून सांगणारा. रामसे काहीच समजावून सांगत नाहीत. दोन्ही हवे. रत्नाकर मतकरींचं नावही घेतलं पाहिजे. त्यांच्या गूढकथांत भूत दिसतच नाही कित्येकदा, आणि तेच जास्त लागतं.

वांद्रेपूर्व:
वर्मांचा उल्लेख झालाय म्हणून लिहितो. १९९२ चा रात आणि २००३ चा भूत, या दोन चित्रपटांनी रामसेंचं दुकान बंद केलं असं माझं मत आहे. रामसेंच्या चित्रपटात माणसं भुताकडे जातात: गाडी बंद पडते, पाऊस असतो, लांब एक दिवा दिसतो. वर्माने भूत मुंबईतल्या उंच इमारतीतल्या फ्लॅटमध्ये आणलं. लिफ्ट, वॉचमन, शेजारी, सगळं आपलं रोजचं. गाणं एकही नाही. ऊर्मिलाने जे काम केलंय ते आजही अंगावर येतं. त्यानंतर जंगलातली हवेली बघून शहरातला माणूस कसा घाबरणार?

रीळवाला:
वांद्रेपूर्व, दुकान वर्माने बंद केलं नाही. नव्वदीपर्यंत ते पडद्यावरून उतरतच आले होते, आणि कारण केबल टीव्ही. पण त्यांनी काय केलं बघा: १९९३ ला तेच भाऊ झी हॉरर शो घेऊन घराघरांत आले. पडदा छोटा झाला, पण पुन्हा सगळं कुटुंब कामाला. मला नाही वाटत हा पराभव होता. केशू रामसे वेगळ्या वाटेने गेले आणि त्यांनी पुढे 'खाकी' (२००४) काढला. श्याम मात्र शेवटपर्यंत भीतीवरच काम करत राहिले, २००३ ला धुंद, २००७ ला घुटन, २०१४ ला नेबर्स. चित्रपट चालोत न चालोत, विषय सोडला नाही. तुलसी डिसेंबर २०१८ ला गेले, श्याम सप्टेंबर २०१९ ला. एका विषयाशी इतकी निष्ठा मला फार थोड्या लोकांत दिसते.

अमावस्या:
झी हॉरर शो!! ती सुरुवातीची धून लागली की मी पांघरूण डोक्यावर. आई म्हणायची बंद कर, बाबा म्हणायचे राहू दे. बाबांनाच बघायचं असायचं.

मुरुडची_लेक:
आमच्या वाडीत केबल एकाच घरात होती. त्या काकू बघायला बोलवायच्या आणि संपल्यावर प्रत्येकाला बॅटरी देऊन घरापर्यंत सोडायला माणूस पाठवायच्या. देव त्यांचं भलं करो.

हडसनकाठ:
न्यू जर्सीहून लिहितोय. इथे रामसेंना आपल्यापेक्षा जास्त मान आहे, हे सांगायलाच हवं. मोंडो मॅकाब्रो नावाच्या संस्थेने बंद दरवाजा आणि पुराना मंदिर डीव्हीडीवर आणले, सबटायटल्ससकट. माझा एक अमेरिकन सहकारी, भारताशी काही संबंध नाही, तो मला गंगू रामसेंच्या प्रकाशयोजनेबद्दल विचारत होता. इटालियन आणि ब्रिटिश भयपटांच्या शेजारी तो त्यांना ठेवतो. ब्रिटनच्या हॅमर कंपनीचे ड्रॅक्युलापट रामसेंनी नक्कीच बघितले होते. नेवला हा तर सरळसरळ आपला ड्रॅक्युला. पण डोंगर, भक्त, नवस, मूल व्हावं म्हणून त्याच्याकडे जाणारी ठकुराईन, हे सगळं आपल्याकडचं. लोक मूल मागायला कुठे कुठे जातात, हे आपण सगळ्यांनी आपापल्या गावात बघितलंय.

रीळवाला, तुमच्याकडे चांगली प्रत नसेल तर ही आवृत्तीच मिळवा. इंटरनेटवरच्या प्रती इतक्या काळवंडलेल्या आहेत की ध्वनिमुद्रा म्हणतात ते रंग दिसणारच नाहीत.

साशंक:
बंद दरवाजाची ही गोष्ट मला माहीत नव्हती आणि ती महत्त्वाची वाटते. मूल होण्यासाठी बुवाकडे जाणं आणि त्यातून होणारं शोषण हे आमच्याकडच्या तक्रारींत सतत येतं. जादूटोणाविरोधी कायद्याच्या अनुसूचीतही अशा प्रकाराचा समावेश आहे. चित्रपट ती गोष्ट राक्षसाची म्हणून सांगतो, पण गावात ती माणसाची असते. हा चित्रपट दाखवणार असाल तर मी यायला तयार आहे. भाषण नाही देणार. चित्रपटानंतर दोन खऱ्या प्रकरणांबद्दल, नावं न घेता, बोलेन आणि लोकांचे प्रश्न घेईन.

स्वयंसिद्धा:
साशंक येणार असतील तर माझंही मत बंद दरवाजा. वीराना नको. वीरानावर चर्चा फक्त अभिनेत्री जास्मिनच्या दिसण्यावर आणि ती पुढे कुठे गेली यावर होते, दरवेळी. त्या बाईला शांतपणे जगू द्या.

अमावस्या:
मान्य. वीराना मागे घेतला.

तंबूटॉकीज:
पण पुराना मंदिर सोडू नका हो. कॉलेजकट्टा ताईंना मच्छर सिंग नको असेल, पण तोच भाग आमच्या तंबूत सगळ्यात जास्त हशा घ्यायचा. तीन तास नुसतं घाबरवत ठेवलं तर माणूस निघून जातो. मध्ये सैल सोडायचं आणि मग पुन्हा आवळायचं, ही तमाशातली रीत आहे. गण, गवळण, बतावणी, मग वग. बतावणी कापून वग दाखवा म्हणणं कसं चालेल?

कॉलेजकट्टा:
हे असं कुणी समजावलं नव्हतं. ठीक आहे, मैत्रिणींना घेऊन पूर्ण बघेन, बतावणीसकट.

ध्वनिमुद्रा:
एक सूचना. 'दो गज जमीन के नीचे' पूर्ण दाखवू नका, पण पहिली पंधरा-वीस मिनिटं जरूर दाखवा. हातात जवळजवळ काही नसताना सुरुवात कशी केली ते दिसेल. १९७२ ची चौकट आणि १९९० ची चौकट शेजारी ठेवली की त्यांचा हात कसा बसत गेला हे सांगावं लागणार नाही. दिवे कुठे ठेवलेत तेवढं बघायला सांगा.

आणि सभागृहाचे स्पीकर आधी तपासा. वाचनालयात बहुतेक वेळा भाषणाचे भोंगे असतात, त्यात खालचे सूर येतच नाहीत. दोन मोठे स्पीकर भाड्याने घ्या, मी जोडून देतो.

रीळवाला:
सगळ्यांचे आभार. ठरलं असं: दुपारी ३ वाजता 'दो गज'चा सुरुवातीचा भाग, लगेच पुराना मंदिर पूर्ण, कुठेही न कापता. मग चहा. ६ नंतर बंद दरवाजा, आणि शेवटी साशंक आणि स्वयंसिद्धा दोघांशी चर्चा. 'केवळ प्रौढांसाठी' असल्याने अठरा पूर्ण असलेल्यांनाच प्रवेश, कॉलेजच्या मुलांनी ओळखपत्र आणावं. ध्वनिमुद्रा, स्पीकरचं उद्या फोनवर बोलू. हडसनकाठ, त्या आवृत्तीसाठी मदत लागेल, व्यक्तिगत निरोप पाठवलाय.

मुरुडच्या ताई, तुम्ही आलात तर राजवाड्याबद्दल पुराना मंदिरच्या आधी पाच मिनिटं बोलाल का?

मुरुडची_लेक:
बोलेन. तारीख गणपतीत घेऊ नका म्हणजे झालं, तेव्हा मी मुरूडला असते.